डायरेक्ट फिट ऑक्सिजन सेन्सर: घ्याच, पण आधी स्कॅनर लावा

कॅटच्या (धूर साफ करणारा कॅटॅलिटिक कन्व्हर्टर) आधीचा सेन्सर बदलला, चार वायरचा हीटरवाला, गाडीचाच कनेक्टर लावून आलेला. खटकन बसला, कुठे कापाकापी नाही. युनिव्हर्सलवाला स्वस्त पडतो पण त्यात जुनी वायर कापून जोडावी लागते आणि बऱ्याच सेन्सरमध्ये बाहेरची हवा वायरीतूनच आत जाते, त्यामुळे कोणी सोल्डर मारला की रीडिंगची वाट लागली. नकोच ते.

आत झिरकोनियाचं टोक असतं, त्याच्या एका अंगाला धूर, दुसऱ्या अंगाला बाहेरची हवा, दोन्हीकडच्या ऑक्सिजनच्या फरकावर व्होल्टेज बनतं. पेट्रोल जास्त झालं की ०.९ व्होल्टच्या आसपास, हवा जास्त झाली की ०.१, आणि ईसीयू (इंजिनाचा कॉम्प्युटर) त्यावरून पेट्रोल कमीजास्त करत राहतो. पण ३०० डिग्रीच्या वर तापल्याशिवाय हे चालतच नाही, म्हणून हीटर. माझा हीटरच गेलेला, स्कॅनरवर (गाडीला जोडून बिघाडाचे कोड आणि रीडिंग दाखवणारं यंत्र) हीटरच्या बिघाडाचा कोड पी०१३५. स्कॅनरवर जुन्याची रेघ ०.४५ जवळ कितीतरी वेळ मेल्यासारखी पडून असायची, नवा लावल्यावर गाडी सुरू केली आणि थोड्याच वेळात वरखाली नाचायला लागली. बघायला मजा आली खरंच.

कधी बदलायचा? हीटरवाले साधारण १ ते दीड लाख किमी जातात, जुने एक वायरवाले त्याच्या निम्मे. पण नुसते किमी बघून बदलू नका. पी०१७१ (हवा जास्त, पेट्रोल कमी) आला म्हणजे सेन्सरच गेला असं नाही, कुठूनतरी हवा ओढत असेल तर सेन्सर बिचारा खरंच सांगतोय. तसंच पी०४२० (कॅट नीट काम करत नाही) आला की लोक कॅटच्या मागचा सेन्सर बदलतात. त्याची रेघ स्थिर असायला हवी, तीपण पुढच्यासारखी नाचत असेल तर बहुतेक कॅटच गेलाय. आणि जुन्याच्या टोकावर पांढरी पावडर दिसली तर कूलंट किंवा सिलिकॉन आत जातंय, ते आधी थांबवा नाहीतर नवापण मरेल.

एक स्टार कापला कारण वायर जरा लांब आहे, क्लिपमध्ये नीट अडकवली नाही तर गरम पाइपला चिकटून वितळेल, आणि सोबतच्या कागदावर याबद्दल एक अक्षर नाही. आट्यांना ग्रीस लावूनच येतं, वरून अजून थापू नका, टोकाला लागलं तर सेन्सर खराब. खोलायला २२ चा खाचेवाला सॉकेट घ्या आणि इंजिन थोडं कोमट असताना खोला, थंडीत जाम बसलेला असतो.