आमच्या घराला पुरून उरलेले गुरुजी

इंदूरमध्ये मराठी पद्धतीने सत्यनारायण सांगणारे गुरुजी सहज मिळतात. आमच्या रामबागेतल्या घरी दुसऱ्यांदा यायला तयार होणारे मिळत नाहीत. मागच्या गुरुजींनी संकल्पात सवयीने ‘गोदावर्याः दक्षिणे तीरे’ म्हटले, तेव्हा विक्रीकर खात्यातून निवृत्त झालेल्या माझ्या सासऱ्यांनी, म्हणजे अण्णांनी, भिंतीवरचा नकाशा उतरवून त्यांच्यासमोर धरला होता. यंदाच्या गुरुजींनी कोणी न सांगता ‘नर्मदायाः उत्तरे तीरे’ असे म्हटले आणि अण्णांनी चष्मा काढून खिशात ठेवला. आमच्याकडे ही पसंतीची खूण आहे.

नवग्रहांच्या सुपाऱ्या मांडून होतात न होतात तोच आमच्या काकांनी बोलण्याच्या नादात शनीची सुपारी उचलून तोंडात टाकली. गुरुजींनी पोथीतून मान वर न करता, “आता गिळलीतच, तर साडेसात वर्षे जपा,” असे सांगितले आणि पिशवीतून दुसरी सुपारी काढली.

खरी परीक्षा पुढे झाली. नावेत धन असताना साधुवाणी ‘वेली आणि पाने आहेत’ असे सांगतो, तिथे अण्णांनी हात वर केला.

“गुरुजी, हा उघड माल दडवण्याचा प्रकार आहे. दंड किती झाला?”

“अण्णासाहेब, सगळ्या मालाचा पाला झाला. चूक कबूल केल्यावर मात्र माल परत मिळाला.”

“अपील न करता?”

“दंड करणारे आणि अपील ऐकणारे तिथे एकच आहेत.”

अण्णांनी मान डोलावली आणि कथा पुढे सरकली. इतक्या शांतपणे अण्णांना उत्तर दिलेले मी लग्नानंतर प्रथमच ऐकले.

दक्षिणा ते आधीच स्पष्ट सांगतात आणि नंतर घासाघीस करत नाहीत. पाचवा अध्याय मात्र त्यांनी भरभर उरकला, हे मला आवडले नाही. शिवाय साहित्याची यादी देताना घरात माणसे किती, हे विचारायला हवे होते. सव्वा किलो रव्याचा प्रसाद आम्ही पाच जण दोन दिवस खात होतो.

निघताना काकांनी, पोटातल्या शनीची वेगळी शांती करावी लागेल का, असे गंभीरपणे विचारले. गुरुजींनी चपला घालता घालता ओवा आणि कोमट पाणी सुचवले.