टायमिंग चेनचे पैसे घेतले, कव्हर मात्र उघडलंच नव्हतं

माझ्या गाडीच्या डिकीत एक जाड प्लॅस्टिकची पिशवी आहे. तिच्यात एक चेन, दोन प्लॅस्टिकच्या पट्ट्या आणि एक टेन्शनर आहे. ‘तुमचा जुना माल’ म्हणून गॅरेजवाल्यानं तो माझ्या हातात दिला आणि माझ्याकडून साडेसव्वीस हजार रुपये घेतले. तो माल माझ्या गाडीचा नाही. माझ्या गाडीची टायमिंग चेन, म्हणजे इंजिनाच्या आतली साखळी, त्यानं काढलीच नव्हती. हे मला तीन आठवड्यांनी कळलं. गॅरेजचं नाव लिहीत नाही, कारण प्रकरण अजून मिटलेलं नाही. पण फसवणूक कशी झाली ते सगळं लिहिते. दुसऱ्या कुणाला हेच ऐकवलं जात असेल तर त्यानं पैसे देण्याआधी थांबावं.

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका आहे. शाळा मोहोळच्या पुढे, आतल्या गावात. आम्ही चौघी जणी आळीपाळीने गाडी काढतो, त्यामुळे माझी २०१४ ची डिझेल गाडी गेल्या जानेवारीत ९४ हजारांवरच होती. संक्रांतीचा आठवडा होता, सोलापुरात सिद्धेश्वराची गड्डा यात्रा भरलेली. मुलांना होम मैदानावर न्यायचं म्हणून गाडी काढली, तर इंजिनातून खरखर ऐकू आली. इंजिन चालू असेपर्यंत आवाज चालूच. एसी लावला की वाढायचा, रेस दिली की तालावर बदलायचा. हे तिन्ही मी दुसऱ्या दिवशी गॅरेजमध्ये जसंच्या तसं सांगितलं होतं. हे इथे मुद्दाम लिहिते, कारण खरं उत्तर याच तीन गोष्टींत होतं.

त्यानं बोनेट उघडलं, अर्धा मिनिट ऐकलं आणि म्हणाला, “मॅडम, टायमिंग चेन गेलीय बगा. किती पळाली गाडी? ९४? लाखाला चेन बदलावीच लागती. अजून चाललीय हेच नशीब.”

मी विचारलं, लगेच बदलायला हवी का? आईला डोळ्यांच्या तपासणीसाठी पुढच्या आठवड्यात पुण्याला न्यायचं होतं, तेही बोलण्यात आलं. ते बोलायला नको होतं. तो लगेच म्हणाला, “टेंभुर्णीच्या पुढं हायवेला तुटली, तर इंजिनच गेलं. हेडचं काम, पिस्टन, सगळं. साठ-सत्तर हजार धरून चाला. आईंना घिऊन रस्त्यावर उभं राहाल.” यापुढे मी काही विचारलंच नाही. दहा हजार फोनवरून भरले. सकाळी साडेदहाला गाडी दिली आणि संध्याकाळी साडेपाचला परत मिळाली. उरलेले साडेसोळा हजार रोख दिले. बिल म्हणून वहीतलं एक पान मिळालं: ‘टाइमिंग किट + मजुरी’. त्यावर ना गाडीचा नंबर, ना पार्ट नंबर, ना शिक्का. आवाज मात्र खरंच गेला होता. मी त्याचे आभार मानले आणि पिशवी डिकीत टाकली.

पुण्याला जाऊन आलो. फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यात तीच खरखर परत सुरू झाली.

माझा एक जुना विद्यार्थी आयटीआयला मोटार मेकॅनिकचा ट्रेड करून आता अक्कलकोट रोडला स्वतःचं छोटं गॅरेज चालवतो. त्याच्याकडे आधीच का गेले नाही, हा प्रश्न मला घरच्यांनी शंभरदा विचारला. लांब पडतं, एवढंच कारण होतं. त्यानं गाडीला हात लावण्याआधी मला विचारलं, “बाई, आवाज पहिल्या दोन-चार सेकंदांत थांबतो का चालूच राहतो?” मी म्हटलं, चालूच राहतो. “मग चेन पहिल्यांदा धरायची नाही,” तो म्हणाला.

त्यानं जे समजावलं ते मी वर्गात समजावते तसं इथे मांडते, कारण हे माहीत असतं तर माझे पैसे गेले नसते. इंजिनच्या खालच्या बाजूला क्रँकशाफ्ट फिरतो, वरती कॅमशाफ्ट. कॅमशाफ्ट वाल्व्ह उघडतो-मिटतो. क्रँकचे दोन फेरे झाले की कॅमचा एक व्हायला हवा, आणि हा हिशेब सांभाळते ती टायमिंग चेन. ती धातूच्या कव्हरच्या आत, इंजिन ऑइलमध्ये भिजत फिरते. तिला ताणून धरणारा टेन्शनर बहुतेक गाड्यांत ऑइलच्या दाबावर चालतो. गाडी रात्रभर उभी राहिली की हा दाब उतरतो. चेन झिजलेली असेल किंवा टेन्शनर सुस्त झाला असेल, तर सकाळी पहिल्या स्टार्टला दाब भरेपर्यंत दोन-चार सेकंद चेन कव्हरला किंवा तिला वाट देणाऱ्या प्लॅस्टिकच्या पट्ट्यांना आपटते आणि खडखडते. दाब भरला की गप्प होते. हा चेनचा ओळखीचा आवाज. एसी लावल्यावर जो आवाज वाढतो, तो बाहेरच्या बेल्टकडून येत असण्याची शक्यता कितीतरी जास्त, कारण एसीचा कॉम्प्रेसर बाहेरच्या बेल्टवरच चालतो.

मग त्यानं माझ्यासमोर बाहेरचा बेल्ट उतरवला आणि वीस-पंचवीस सेकंदांपुरती गाडी चालू केली. जास्त वेळ नाही, कारण माझ्या गाडीत पाण्याचा पंपही त्याच बेल्टवर आहे आणि अल्टरनेटरही. खरखर पूर्ण बंद. आवाज टायमिंग चेनचा असता, तर बेल्ट काढून तो थांबला नसता, कारण चेन बेल्टशिवायही फिरतच असते. त्यानं बेल्टला वळण देणारी चकती, म्हणजे आयडलर पुली, हातात देऊन मला फिरवायला लावली. बेअरिंग कोरडं पडलं होतं, बोटांना कचकच लागत होती. पुलीभोवती जुन्या स्प्रेचे ओघळ होते. पहिल्या गॅरेजवाल्यानं तिथे स्प्रे मारला होता. त्यानं पुण्याच्या फेरीपुरता आवाज दबला, आणि साडेसव्वीस हजारांत प्रत्यक्ष झालेलं काम तेवढंच.

हे कशावरून म्हणतोस, असं मी त्याला विचारलं. चेन बदलली असेल आणि वर बेअरिंगही गेलं असेल, असं नाही का होऊ शकत? तेव्हा त्यानं गाडी वर उचलून चाकाच्या बाजूचं आवरण काढलं आणि क्रँकची मोठी पुली दाखवली. तिचा बोल्ट काढल्याशिवाय चेनपर्यंत पोचताच येत नाही. त्या बोल्टाच्या डोक्यावर आणि कडेला जुना गंज होता, सलग, कुठे पाना लागल्याची चमक नाही. टायमिंग कव्हरच्या कडेने नव्या सीलंटची रेघ उमटलेली दिसायला हवी. तिथे वर्षानुवर्षांची धूळ आणि चिकटा होता. आणि ऑइल. माझ्या गाडीत हे कव्हर काढायचं तर ऑइल काढावंच लागतं आणि भरताना नवं भरलं जातं. ऑइल मोजायच्या पट्टीवरचं ऑइल काळंकुट्ट होतं, दिवाळीच्या सर्व्हिसचं स्टिकर दाराला तसंच होतं आणि वहीतल्या पानावर ऑइलचा उल्लेखही नव्हता. “शिवाय बाई, हे काम नीट करायचं तर मला दीड दिवस लागतो. सात तासांत, त्यात जेवणाची सुट्टी?”

शेवटी मी डिकीतून पिशवी आणली. त्यानं चेन हातात घेतली आणि लगेच खाली ठेवली. “हिला गंज आहे.” मला क्षणभर कळलं नाही. टायमिंग चेन जन्मभर ऑइलमध्ये असते. त्याच दिवशी काढलेल्या चेनला काळं ऑइल लागलेलं असायला हवं, हात माखायला हवेत. पिशवीतली चेन कोरडी होती, कड्यांत तांबडा गंज आणि माती. कुठल्या तरी भंगारातली. पट्ट्यांचा आकारही माझ्या इंजिनाचा नव्हता. तीन आठवडे तो पुरावा माझ्याच डिकीत होता आणि मी पिशवीची गाठसुद्धा सोडली नव्हती.

‘लाखाला बदलावीच लागते’ हे वाक्य मी नंतर अजून दोघांच्या तोंडून ऐकलं, म्हणून त्याबद्दल. काही गाड्यांत चेनऐवजी रबरी टायमिंग बेल्ट असतो. तो ठरावीक किलोमीटरला किंवा ठरावीक वर्षांनी बदलावाच लागतो, चांगला दिसत असला तरी, आणि तो आकडा गाडीच्या पुस्तिकेत छापलेला असतो. स्टीलच्या चेनला बहुतेक गाड्यांत असा आकडाच नसतो. माझी पुस्तिका मी घरी पहिल्यांदा नीट वाचली. तिच्यात ऑइलचा आहे, फिल्टरचा आहे, बाहेरच्या बेल्टचा आहे, टायमिंग चेनचा नाही. बेल्टचा नियम चेनला लावून माणसाला घाबरवणं सोपं आहे, कारण आपल्याला आपल्या गाडीत यातलं काय आहे हेच माहीत नसतं.

मात्र चेन कधीच बदलावी लागत नाही असंही नाही, आणि पहिल्या गॅरेजवाल्यानं घातलेली भीती निव्वळ खोटी नव्हती, म्हणूनच ती लागू पडली. चेन ‘लांबते’ म्हणतात, म्हणजे ती रबरासारखी ताणली जात नाही. प्रत्येक कडीतली पिन थोडी थोडी झिजते आणि सगळ्या कड्यांची झीज मिळून लांबी वाढते. वाल्व्हची वेळ मागे पडते, गाडी ओढत नाही, स्टार्टला कुरकुरते, इंजिनचा दिवा लागतो. बिघाडाचे कोड वाचणाऱ्या स्कॅनरवर क्रँक आणि कॅमचा मेळ बसत नसल्याचा कोड येतो, पी ००१६ हा त्यातला नेहमी दिसणारा. दुर्लक्ष केलं आणि चेन दात सोडून सरकली, तर ज्या इंजिनात वाल्व्ह आणि पिस्टनची वाट एकच असते तिथे पिस्टन वाल्व्हवर आदळतो आणि हेड उतरवावं लागतं. झीज लवकर होते ती घाण ऑइलनं किंवा कमी ऑइलनं. ऑइल वेळेवर बदललं नाही, पट्टीवर पातळी खाली गेली, तर टेन्शनरलाच दाब मिळत नाही. म्हणून सकाळच्या त्या दोन-चार सेकंदांच्या खडखडीवर आधी ऑइलची पातळी पाहायची, मग स्कॅनर, मग कव्हर. माझ्या बाबतीत यातलं एकही झालं नाही. स्कॅनर पहिल्या गॅरेजवाल्याच्या टेबलावर होता, त्यानं तो जोडलासुद्धा नाही.

आणि खरंच बदलायची वेळ आली तर नुसती चेन कुणी बदलत असेल तर देऊ नका. चेनबरोबर टेन्शनर, पट्ट्या, दातेरी चक्रं, क्रँकचं ऑइल सील, कव्हरचं गॅसकेट किंवा सीलंट, आणि नवं ऑइल-फिल्टर. झिजलेल्या दात्यांवर नवी चेन लवकर खराब होते. बसवल्यावर स्टार्टर मारण्याआधी क्रँक हाताने, पान्याने, पूर्ण दोन फेरे फिरवून क्रँक आणि कॅमच्या खुणा परत जुळतात का ते पाहायचं असतं. माझा विद्यार्थी म्हणाला, “त्या वेळी मी गिऱ्हाइकाला बोलावून घेतो, फोटो काढू देतो.” कव्हर उघडल्यावर जुनी चेन गाडीतच असतानाचा एक फोटो, ज्यात गाडीचा नंबर किंवा ओळखू येईल असं काहीतरी दिसेल, आणि नवी बसल्यावर खुणांचा दुसरा. नवा किट खोक्यातून तुमच्यासमोर निघायला हवा. एवढं मागितल्यावर जो चिडेल, त्याच्याकडून गाडी परत आणा.

आयडलर, बेल्ट आणि मजुरी मिळून माझ्या विद्यार्थ्यानं ३,८०० रुपये घेतले, छापील बिल दिलं. हात लावण्याआधी त्यानं बोल्ट, कव्हर आणि पुलीचा व्हिडिओ काढून ठेवला होता. त्याचं महत्त्व मला दुसऱ्या दिवशी कळलं. मी आणि माझे मिस्टर पहिल्या गॅरेजमध्ये गेलो, तेव्हा मालकाचं पहिलं वाक्य होतं, “तुम्ही दुसऱ्याचा हात लावून घेतलाय, आता माझी जबाबदारी नाही.” व्हिडिओ दाखवल्यावर म्हणाला, पोरांची चूक झाली असेल, गाडी सोडा, नवीन चेन टाकून देतो. मी नाही म्हटलं. चांगली चालणारी चेन, उघडायचं कारण नाही, आणि तीही त्याच माणसाकडून? बरीच बोलाचाली झाली. आजूबाजूच्या दुकानांतली माणसं जमली तेव्हा त्यानं आठ हजार फोनवर पाठवले. उरलेले दिले नाहीत.

मी १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवली. तिथून मार्ग निघाला नाही तर जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाता येतं. पाच लाखांपर्यंत दिलेल्या रकमेच्या तक्रारीला शुल्क नाही, वकील सक्तीचा नाही, आणि घटनेपासून दोन वर्षांची मुदत असते. माझी अडचण बिलाची आहे. दहा हजारांची नोंद फोनमध्ये आहे, साडेसोळा हजारांची कुठेच नाही. वहीतलं पान, व्हिडिओ, विद्यार्थ्याच्या गॅरेजचं लेखी मत आणि ती गंजलेली चेन एवढं घेऊन अर्ज तयार केला आहे. त्यानं परत पाठवलेल्या आठ हजारांची नोंदही त्याला जोडली आहे. काहीच चुकलं नव्हतं तर ते का पाठवले, हे त्याला तिथे सांगावं लागेल.

गाडी आता ९९ हजारांवर आहे. चेन कंपनीतून आली तीच आहे, आणि सकाळी पहिल्या स्टार्टला मी काच खाली करून ऐकते. अजून एकदाही खडखडली नाही.