ग्रीक देवांचे पत्ते: चित्रं देखणी, आकडे मात्र कुठून आणले?

ग्रीक देव, टायटन (म्हणजे या देवांच्या आधीची दैवी पिढी) आणि वीर यांच्या ५४ पत्त्यांचा हा संच मी आमच्या गावच्या वाचनालयासाठी ऑनलाइन मागवला. किंमत ४४९ रुपये. उन्हाळ्याच्या सुट्टीत दुपारी पोट्टे पुस्तकांपेक्षा कूलरसाठीच जास्त येतात, त्यांच्या हाताला काहीतरी असावं एवढाच हेतू. दारव्हा तालुक्यातलं आमचं गाव कुरिअरवाल्याला दूर पडतं, त्यामुळे डबा तालुक्याहून आणावा लागला. तो उन्हात तापूनही पत्ते वाकले नव्हते, हे आधी सांगते. कागद जाड आहे, रंग पक्के आहेत. फक्त घामाच्या हातांनी खेळलं की पत्ते एकमेकांना चिकटतात आणि कोपऱ्यांचं प्लास्टिक सुटायला लागतं. सोबतची पुस्तिका इंग्रजीत, तीही मुंगीएवढ्या अक्षरात. मी तिचं मराठी करून वहीत उतरवलंय.

खेळ सोपा आहे. प्रत्येक पत्त्यावर चित्र, खाली बल, बुद्धी आणि वेग यांचे आकडे. दोघांनी पत्ता टाकायचा, ज्याचा आकडा मोठा त्याने दोन्ही उचलायचे. पण देवांचा राजा झ्यूस, त्याचे तिन्ही आकडे १००. दुसऱ्याच दिवशी सातवीतला एक पोट्टा म्हणाला, "काकू, झ्यूस ज्याच्याकडं आला तो जितला. मंग बाकीच्यायनं खेयाचं कायले?"

खरंच आहे त्याचं. आणि ज्यांनी या कथा वाचल्यात त्यांना तर हे आकडे फारच खटकतील. युद्धाचा देव एअरीस याला बल ९६. याच एअरीसला ओटस आणि एफिआल्टीस या दोन भावांनी बांधून कांस्याच्या रांजणात तेरा महिने कोंडलं होतं, शेवटी देवांचा दूत हर्मीस याने त्याला चोरून बाहेर काढलं. ट्रॉयच्या लढाईत डायोमिडीस नावाच्या माणसाने भाला मारला तेव्हा हा देव बोंबलत ऑलिंपसवर, म्हणजे देवांच्या डोंगरावर, बाप झ्यूसकडे तक्रार घेऊन गेला. हे ९६!

उलट धान्याची देवता डिमीटर, तिला ५८. आमच्याकडे पोळा आणि बैल यांच्याशिवाय ज्यांचं वर्ष सरत नाही, त्या माणसांपुढे हा पत्ता टाकून बघा. तिची मुलगी पर्सेफनी हिला पाताळाचा राजा हेडीस याने पाताळात नेलं, तेही झ्यूसच्या संमतीने. डिमीटरने काय केलं? शस्त्र उचललं नाही. एलिउसिसच्या मंदिरात जाऊन बसली आणि पेरलेलं उगवूच दिलं नाही. माणसं उपाशी, म्हणून देवांचे नैवेद्य बंद. झ्यूसने एकामागून एक देव समजूत काढायला पाठवले, ती हलली नाही. शेवटी त्यालाच हर्मीसला पाताळात धाडून पोरगी परत आणवावी लागली, तीही वर्षातून दोन तृतीयांश काळापुरती, कारण तोवर तिने डाळिंबाचा दाणा खाल्ला होता. शंभरवाल्याला नमवणारीला अठ्ठावन्न, हा कुठला हिशेब?

टायटनांवर तर अन्यायच झालाय. सगळ्यांचे डोळे लाल, मागे काळे ढग. जुना ग्रीक कवी हेसिअड याने बारा टायटन सांगितलेत, सहा पुरुष आणि सहा स्त्रिया. संचात स्त्रियांपैकी एकटी ऱ्हिआ, झ्यूसची आई. नऊ म्यूझेसची, म्हणजे कलांच्या देवतांची, आई नेमॉसिनी नाही, न्यायाची थेमिस नाही. झ्यूसचा बाप क्रोनस, त्याच्या हातात वाळूचं घड्याळ दिलंय, तिथे विळा हवा होता, त्याच विळ्याने त्याने बापाला गादीवरून काढलं. ॲटलसच्या खांद्यावर पृथ्वीचा गोळा आहे, खरं तर त्याला आकाश पेलायची शिक्षा होती. हेडीसला शिंगं लावलीत. तो कडक राजा आहे, सैतान नाही.

क्रोनस आपली पोरं गिळतो आणि ऱ्हिआ शेवटच्या वेळी त्याला कापडात गुंडाळलेला दगड देऊन बाळ झ्यूसला क्रीटमध्ये लपवते, हे ऐकल्यावर चौथीतली एक पोट्टी पटकन म्हणाली, "हा तं कंसमामाच हाय." गोकुळही आलं, दूधही आलं. फक्त गाईऐवजी अमाल्थिया नावाची शेळी.

सगळ्यात जास्त रंगली ती वाटणीची गोष्ट, आणि पुस्तिकेत तिला एकच ओळ आहे. बाप हरल्यावर तिन्ही भावांनी चिठ्ठ्या टाकल्या. झ्यूसला आकाश, पोसायडनला समुद्र, हेडीसला पाताळ. जमीन आणि ऑलिंपस तिघांत सामाईक. पेपर वाचायला येणारे एक आजोबा कोपऱ्यातून म्हणाले, "जमीन सामाईक ठेवली? मंग कोर्टकचेरी होनारच नं!" आजोबांनी इलिअड, म्हणजे ट्रॉयच्या लढाईचं महाकाव्य, वाचलेलं नाही, पण तिथे पोसायडन ही वाटणी सांगतो ती भांडणातच. झ्यूसने त्याला रणातून निघ म्हणून निरोप धाडला तेव्हा तो चिडून आपला हिस्सा काढून दाखवतो, आणि मग धुसफुसत निघून जातो.

पोसायडनचा पत्ता मात्र सुंदर आहे. त्याची एक छोटी कांस्यमूर्ती कोल्हापूरच्या ब्रह्मपुरीत सापडलीय (आपली चंद्रपूरकडची ब्रह्मपुरी नव्हे, दोघा पोट्ट्यांनी मामाच्या गावाला जाऊन बघतो म्हणून आधीच सांगून टाकलं होतं). समुद्राचा ग्रीक देव पंचगंगेच्या काठी कसा आला, तर जुन्या व्यापारातून.

खेळ टिकला तो आम्ही नियम बदलला म्हणून. लहान आकड्याच्या पत्त्याने मोठ्याला कसं हरवलं ती गोष्ट जो सांगेल, त्याने पत्ता उचलायचा. ऱ्हिआ क्रोनसला घेते, डिमीटर झ्यूसला. प्रोमिथिअसही झ्यूसला घेतो, कारण त्याने बैलाचे दोन वाटे करताना हाडांवर चरबी पसरली, झ्यूसने तोच वाटा उचलला आणि मांस माणसांना राहिलं. गोष्ट रचून सांगितली तर पत्ता परत. आता वहीसाठी भांडणं होतात.

पाचपैकी तीन तारे, तेही चित्रांचे. दहा वर्षांच्या खालच्यांना मोठं माणूस सोबत लागेल. आणि याच कंपनीचा महागडा मोठा डबा घेऊ नका. त्यात ज्युपिटर, नेपच्यून, सेरेस असे याच देवांच्या रोमन नावांचे पत्ते वाढवलेत, पण चित्रं झ्यूस, पोसायडन आणि डिमीटरचीच आहेत, फक्त कपड्यांचा रंग बदललाय. सेरेसलाही ५८.