मारबत माहीत नसलेला नागपूरकर

4,35,100 रुपये. ऑनलाइन फसवणुकीत माझे एवढे गेले, परत आले तेवढे वजा करून. आकडा आधीच सांगून टाकते, म्हणजे "नेमके किती गेले हो?" एवढंच विचारायला कोणी फोन करायला नको.

ट्रेडिंगचं खोटं ॲप, फुगत जाणारा नफा, काढायला गेलं की अडकलेले पैसे. हा प्रकार तुम्हाला माहीत आहे, मलाही माहीत होता. सीताबर्डीला एका फर्मचे अकाउंट्स बघते मी, अडाणी नाही. "लालच केली असेल" म्हणणाऱ्यांनी ऐका: कितीतरी आठवडे पैशाचं नावसुद्धा निघालं नव्हतं. आधी गोष्ट विकतात, स्कीम मागाहून येते.

लग्न जुळवणाऱ्या ॲपवर भेटला. घटस्फोटित, मूळचा नागपूरचा, बालपण तिथल्या महाल या जुन्या वस्तीत, आता दुबईत. नावापुढे निळी टिक. बोलायचा कमी. मी बिनसाखरेचा चहा घेते हे एकदा सांगितलेलं त्याच्या लक्षात राहिलं. रात्रीची मालिका आम्ही आपापल्या घरी बघायचो आणि जाहिराती लागल्या की मेसेज. मालिकेतला नायक तीनशे भाग नायिकेचा हात धरत नाही आणि आपण त्यालाच खरं प्रेम म्हणत बसतो. यानेही कसली घाई केली नाही, भेटायचीसुद्धा नाही. ते मला सभ्यपणाचं वाटलं. जो लगेच भेटायला बोलावतो तो वाईट, हेच तर ऐकत आलो ना सगळ्या बाया? व्हिडिओ कॉल दोनदा झाला, थोडाच वेळ, आवाज पुढे आणि ओठ मागे. "इथलं नेट असंच आहे." घ्या.

मग ते तान्ह्या पोळ्याचं, म्हणजे पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीचं. यावरून अजून रात्री झोप उडते. इतवारीतून मी त्याला पिवळ्या मारबतीचा, मिरवणुकीतल्या त्या मोठ्या पुतळ्याचा, फोटो पाठवला. त्याचं उत्तर आलं, "वाह! हा कोणता सण आहे, डिअर?"

महालात वाढलेला माणूस, आणि मारबत माहीत नाही! त्या दिवशी जुन्या नागपुरात पाय ठेवायला जागा नसते, पोट्टे बेंबीच्या देठापासून "घेऊन जा गे मारबत" ओरडत असतात, बडग्यांवर, म्हणजे सोबतच्या पुरुष पुतळ्यांवर, कोणाकोणाची नावं लिहिलेली असतात. माणूस पन्नास वर्षं अमेरिकेत राहिला तरी हे विसरायचा नाही. मी त्याला चक्क चार ओळींत समजावून सांगितलं. त्याने हृदयाचं चित्र पाठवलं. बाहेर राहून विसरला असेल, असं मीच त्याच्या वतीने उत्तर दिलं. वकील लागला नाही त्याला.

पुढचं पटकन सांगते. त्याने सांगितलेल्या ट्रेडिंग ॲपमध्ये आधी 15,000 भरले, 17,400 काढता आले. इथेच विश्वास बसतो, आणि तेवढ्यासाठीच ते परत देतात. मग 85,000. मग आईच्या पाटल्या गहाण ठेवून 2,40,000. दर वेळी खातं वेगळ्याच नावाचं, एकदा तर कुठल्या तरी भाजीपाला ट्रेडर्सचं. ॲपमध्ये 9,37,500 दिसत होते. काढायला गेले तर म्हणे आधी 12 टक्के कर भरा, 1,12,500. मी दर महिन्याला लोकांचा टीडीएस कापते! कर रकमेतून कापला जातो, आधी खिशातून मागत नाहीत. तरी भरला, कारण तो म्हणाला, "अर्धा मी टाकतो, आपलं घर आहे." त्यानंतर 1,80,000 डिपॉझिट मागितलं तेव्हा थांबले.

1930 वर, सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर, तक्रार नोंदवली. तुम्ही तर कळलं त्याच क्षणी लावा, यूटीआर, म्हणजे बँक व्यवहाराचा नंबर, हाताशी ठेवून. नातेवाइकांना विचारत बसू नका, पैसे तोवर चार खाती फिरतात.

खरी शोभा झाली ती पुढे. आमच्या ठाण्यात म्हणाले, हे सायबरचं आहे, तिकडे जा. तिकडे म्हणाले, रक्कम कमी आहे, ठाण्यातच द्या. 1 जुलै 2024 पासून नव्या कायद्यात कोणत्याही ठाण्यात गुन्हा नोंदवता येतो, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 173, हे मी छापून नेलं होतं. साहेबांनी त्या कागदावर चहाचा ग्लास ठेवला. टेबलावरचा दुसरा म्हणाला, "मॅडम, शिकल्यासवरल्या तुम्ही, अन् काहून असं करून राहिल्या?" बाजूचे हसले. पाकीट मारलं गेलं असतं तर हसले असते का? माझे चॅट मोठ्यांदा वाचले, त्यातलं 'डिअर' दोनदा. एफआयआर नाहीच, नुसती पोच. बाईमाणूस एकटं गेलं की हे असंच, म्हणून सोबत कोणाला तरी न्या आणि चॅटची प्रिंट स्वतःच काढून न्या, फोन हातात देऊ नका.

बँक आणखी थोर. फसवणुकीत ग्राहकाची जबाबदारी मर्यादित ठेवणारं रिझर्व्ह बँकेचं 2017 चं परिपत्रक दाखवलं, तर मॅनेजर म्हणे ते तुमच्या संमतीशिवाय गेलेल्या पैशांसाठी आहे, ओटीपी तुम्हीच टाकलाय. एका खात्यात 6,215 रुपये होल्डवर सापडलेत. ते सोडवायला कोर्टात अर्ज करा म्हणाले. वकिलाची फी त्याहून जास्त.

मार्च 2025 मध्ये सरकारने म्यानमारच्या असल्या अड्ड्यांतून पाचशेवर भारतीय विमानाने परत आणले. नोकरीच्या नावाने नेऊन डांबलेले, दिवसभर खोट्या नावाने गोड बोलायला लावलेले. माझा 'महालातला' त्यांच्यापैकीच एखादा असेल. असो. दया अजून तरी आलेली नाही.

समोरच्याचा फोटो गुगलवर टाकून तो आणखी कुठे सापडतो ते बघा, शेअर बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सेबीच्या साइटवर ब्रोकरचं नाव शोधा, आणि गावाबद्दल असं काही विचारा जे गुगलवर पटकन सापडत नाही.

आणि पैसे गेल्यावर 'पैसे परत मिळवून देतो' म्हणणारे येतात. परवा एकाचा फोन आला, फी 8,500 फक्त. माझा तक्रार क्रमांक त्याला तोंडपाठ होता. कुठून मिळाला, हे ठाण्यात विचारलं तर म्हणाले, त्याची वेगळी तक्रार द्या.