टर्न केलेला बुश आणि गिअर लिव्हरचं सेटिंग: आठ महिने, 9,400 किलोमीटरनंतर

गाडी 2012ची पेट्रोल हॅचबॅक, पाच गिअर, गिअर केबलचा गेलेला बुश (पिन आणि भोक यांच्यामधलं छोटं नळकांडं) लेथवर टर्न करून बदलला आणि लिव्हर पुन्हा सेट केली, तेव्हा मीटरवर 1,12,000 किलोमीटर. कंपनीचं नाव मुद्दाम घेत नाही, कारण हा दोष कंपनीचा नाही, वयाचा आहे. दोन केबलवर चालणारा गिअर ज्या ज्या गाडीत आहे, त्या सगळ्यांना पुढचं थोडंफार लागू पडेल. वापर म्हणाल तर बेळगावची टिळकवाडी ते खानापूर रोज जाऊन येऊन पन्नासेक किलोमीटर, महिन्यातून एकदा बहिणीकडे निपाणीला, आणि या काळात दोनदा चोर्ला घाटातून गोवा. काम एप्रिलमध्ये केलं, आज नोव्हेंबर संपत आलाय.

सुरुवात मार्चमध्ये झाली. जांबोटी मागे टाकून कणकुंबीच्या चढाला पुढे भरलेला ट्रक होता. तिसऱ्यातून दुसऱ्यात घ्यायला गेलो तर लिव्हर ताकात रवी फिरावी तशी नुसतीच फिरली. गिअर काही पडेना. गाडी मागे सरकायला लागली, मागच्याने हॉर्न धरला, बायकोने दाराचं हँडल धरलं. शेवटी हँडब्रेक ओढून पहिला टाकला आणि सुटलो. त्याआधी महिनाभर टिळकवाडीच्या दुसऱ्या रेल्वे गेटच्या रांगेत पहिला शोधावा लागत होताच, पण सवय झाली की दोष दिसत नाही.

पहिल्या गॅरेजमध्ये एका फेरीत निदान झालं. "गिअरबॉक्स उतरवावा लागेल, क्लचप्लेट पण गेलीय, बावीस हजार धरा." गाडीखाली कोणी वाकलं नाही, बॉनेटही उघडलं नाही. मी विचार करून सांगतो म्हणून निघालो आणि अनगोळच्या एका गल्लीतल्या मिस्त्रीमामांकडे गेलो. मामा माझ्याशी मराठीत, हाताखालच्या पोराशी कन्नडमध्ये आणि लेथवाल्याशी हिंदीत बोलतात. तिन्ही भाषांत गिअरला 'गेर'च म्हणतात.

त्यांनी काय केलं ते नीट सांगतो, कारण हे घरच्या घरी कुणालाही जमेल. गाडी सपाट जागेवर, हँडब्रेक ओढलेला, चाकाला दगड. इंजिन बंद ठेवून क्लच दाबायला लावला आणि पाचही गिअर आणि रिव्हर्स एकेक करून टाकायला सांगितले. मग इंजिन चालू करून तेच. इंजिन बंद असताना गिअर लोण्यासारखे पडतात आणि चालू असताना करकरतात, तर क्लच पूर्ण सुटत नाहीये, म्हणजे लिव्हरला हात लावण्यात अर्थ नाही. इंजिन बंद असतानाही अडखळत असेल तर केबल, बुश किंवा खुद्द गिअरबॉक्स. माझ्या गाडीत दोन्ही वेळा सारखंच अडत होतं. मग इंजिन चालू ठेवून क्लच दाबला, तीनपर्यंत मोजले आणि रिव्हर्स टाकला. आवाज नाही. "क्लच बरा हाय," म्हणाले. बऱ्याच गाड्यांत रिव्हर्सला सिंक्रोमेश (गिअर न करकरता जुळवून घेणारी रचना) नसतो, त्यामुळे क्लच जरा जरी चिकटत असला तरी आधी रिव्हर्स ओरडतो. बावीस हजारांतला निम्मा आकडा तिथंच गळाला.

मग न्यूट्रल. न्यूट्रलमध्ये लिव्हर सोडून दिली की आतली स्प्रिंग तिला तिसऱ्या-चौथ्याच्या ओळीत आणून उभी करते. डावीकडे ढकलून सोडा, उजवीकडे ढकलून सोडा, परत मधेच आली पाहिजे. माझी डावीकडून येत होती, उजवीकडे दोन बोटं जाऊन तिथंच लोळत होती. मामांनी बॉनेट उघडलं, एअर फिल्टरचा डबा बाजूला केला आणि मला म्हणाले, "साहेब, हळू हलवा लिव्हर. सल्प सल्प." मी हलवली. "हे बघा की, तुमचा हात हलतोय, केबल हलत्या, पण गेर हलत नाही."

उतरून बघितलं. गिअरबॉक्सच्या डोक्यावर केबलची ओढ पकडणारी आडवी पट्टी असते, मामा तिला बेलक्रँक म्हणतात. केबल बोटभर सरकल्यावर मग कुठे ती पट्टी जागची हलत होती. तिच्या पिनवरचा प्लास्टिकचा बुश मामांनी चिमट्याने काढला तर भाजलेल्या पापडासारखे तुकडे हातात आले. इंजिनची उष्णता, वरून खानापूर रस्त्याचा लाल चिखल, बारा वर्षं. एवढ्याशा तुकड्यांपायी मी गिअरबॉक्स उतरवणार होतो.

सुटा बुश मिळेना. स्पेअर पार्ट्सच्या दुकानात सांगितलं, अख्खी केबल असेंब्ली घ्या, कोल्हापुरातून मागवतो. इथं बेळगावचा फायदा झाला. उद्यमबागेत फाउंड्री आणि लेथची कामं इतकी आहेत की कुणाला तरी हातातलं काम थांबवून दोन बुश टर्न करायला सांगता येतं. मामांनी व्हर्निअरने पिन मोजली, 10 मिलिमीटर. पट्टीचं भोक 14. नायलॉनच्या रॉडमधून दोन बुश अर्ध्या तासात हातात, दीडशे रुपये. पिनवर बसवताना ना ठोकावे लागले, ना डुगडुगले.

आता सेटिंग. हे पहिल्या वेळी मामांनी केलं आणि मी शेजारी उभा होतो, म्हणून मला वाटलं मला समजलं. केबलच्या टोकाला लॉक असतं, ते सोडलं की केबलची लांबी मोकळी होते. गिअरबॉक्स न्यूट्रलमध्ये, आत लिव्हरही न्यूट्रलमध्ये, आणि लिव्हरच्या बुडाशी दिलेल्या भोकातून एक पिन घालून ती जागच्या जागी बांधून ठेवायची. कंपनीची पिन नसेल तर बरोबर मापाचा ड्रिल बिट चालतो; माझ्या गाडीला 5 मिलिमीटरचा बसला, तुमच्या गाडीचं माप मॅन्युअलमध्ये बघा. दोन्ही टोकं अशी बांधली की मग लॉक दाबायचं आणि पिन काढायची. पिन काढायला विसरून लिव्हर जोरात ओढली तर पिन तरी वाकेल, नाहीतर भोक तरी फाटेल. कामाला वीस मिनिटं लागली. गिअरबॉक्सचं ऑइलही बदललं, साधारण दोन लिटर. दुकानदाराने "हे जास्त भारी" म्हणून जीएल-5 प्रतीचं ऑइल दिलं होतं, मामांनी परत पाठवलं आणि जीएल-4 आणायला लावलं. जीएल-5 मधली काही रसायनं पितळी सिंक्रो रिंगांना खातात. डब्यावर मोठा आकडा म्हणजे चांगलं ऑइल, हा समज गिअरबॉक्सला महागात पडतो.

एकूण खर्च बुश, ऑइल, मजुरी धरून सतराशे पन्नास. परत येताना टिळकवाडीत सिग्नलला मी उगाचच तीनदा न्यूट्रल करून लिव्हर सोडून बघितली. मधे येऊन उभी राहायची.

मे महिन्यात सुट्टी होती आणि मला शहाणपण सुचलं. पाचवा जरा घट्ट वाटत होता. रविवारी सकाळी कन्सोल काढला, सिलेक्ट केबलचं (दोनपैकी लिव्हरची डावी-उजवी हालचाल नेणारी) लॉक सोडलं आणि पिन शोधायचा कंटाळा म्हणून लिव्हर नजरेनेच 'मधे' धरून लॉक दाबलं. लिव्हर उजवीकडे कललेली होती, हे नंतर कळलं. अशी कललेली असताना लॉक केली की उजवीकडे जायला तिला जागाच उरत नाही. पहिला, दुसरा, तिसरा, चौथा उत्तम. पाचवा टाकायला गेलो की तिसराच. आणि माझ्या गाडीत रिव्हर्स पाचव्याच्या खाली आहे, त्यामुळे रिव्हर्सही नाही. गाडी गल्लीत भिंतीकडे तोंड करून. समोरच्या काकांनी, दूधवाल्याने आणि मी मिळून ती ढकलून मागे काढली. बाबा व्हरांड्यात चहा घेत बघत होते. आयुष्यभर निपाणीची तंबाखू ट्रकमधून वाहिलेला माणूस, सिंक्रो नसलेल्या गिअरवर डबल क्लच मारून घाट उतरलेला. एवढंच म्हणाले, "पिन कशाला देतात कंपनीवाले, शोभेला?" दुपारी पिन घालून परत केलं. ठीक झालं.

खरी मजा जुलैत. खानापूरकडचा पाऊस ज्यांना माहीत आहे त्यांना सांगायला नको. दुसऱ्या आठवड्यापासून लिव्हर जड व्हायला लागली. डावीकडे ढकलली की मधे यायला वेळ लावायची, पहिल्यातून काढताना हाताला चिकटल्यासारखी. मला वाटलं केबलमध्ये पाणी गेलं. मामांनी बुश काढून व्हर्निअर लावलं आणि हसले. नायलॉन पाणी पितो आणि फुगतो. फुगणं केसाएवढं असतं, पण फिटिंगच केसाएवढी असेल तर तेवढंच पुरतं. या वेळी ॲसिटलच्या रॉडमधून करून घेतले, लेथवाले त्याला डेलरिन म्हणतात. तो पाणी फारसा शोषत नाही. दोनशे वीस रुपये. त्यानंतर ऑगस्टचा पाऊस गेला, लिव्हरने तक्रार केली नाही. आमच्या भागात कुणी बुश टर्न करून घेणार असेल तर पहिल्याच वेळी डेलरिन सांगा. मी आधी विचारलं असतं तर एक फेरी वाचली असती, आणि खरं तर मामांनाही ठाऊक होतं, पण एप्रिलच्या उन्हात पाऊस कुणाच्या लक्षात असतो.

सप्टेंबरमध्ये वेगळंच निघालं. निपाणीहून येताना तवंदी घाटात तिसऱ्यावर गाडी ओढत आणत होतो आणि ॲक्सिलरेटर सोडला की लिव्हर एक झटका खायची, जणू कुणी खालून टिचकी मारतंय. एकदा तर तिसरा उडून न्यूट्रल झाला. गिअर उडतो म्हटल्यावर पोटात गोळा येतो, कारण तो दोष गिअरबॉक्सच्या आतलाही असू शकतो. पण लिव्हर हलतेय म्हणजे इंजिन हलतंय का, हे आधी बघायचं. ब्रेक दाबून, पहिला टाकून, क्लच जरासा सोडायचा आणि दुसऱ्याने बाजूला उभं राहून, पुढे नव्हे, बॉनेटखाली बघायचं. माझं इंजिन उशीवरून उठल्यासारखं मागे झुकलं. मागचा माउंट, म्हणजे इंजिन धरून ठेवणारा रबरी आधार, फाटला होता. त्याला चीर आहे हे मामांनी एप्रिलमध्येच दाखवलं होतं, मी "पुढच्या खेपेला" म्हटलं होतं. माउंट तेराशे पन्नास, मजुरी वेगळी. झटका गेला, आणि सिग्नलला स्टिअरिंग थरथरायचं तेही गेलं, ज्याची मी तक्रारच केली नव्हती.

बदलताना मामांनी अजून एक काढून टाकलं. मी दिवाळीत हौसेने बसवलेलं जाड रेक्झिनचं गिअर कव्हर आणि वर वजनदार चमकता नॉब. कव्हर आखूड होतं, पाचव्यात लिव्हर गेली की ते तिला मागे ओढायचं. म्हणजे मे महिन्यात पाचवा घट्ट वाटला तो केबलमुळे नव्हताच! सकाळचा उद्योग, काका, दूधवाला, सगळं त्या कव्हरपायी. जुनं रबरी कव्हर परत आलं.

हात लिव्हरवर ठेवून गाडी चालवायची माझी सवय मात्र अजून पूर्ण गेली नाही. गिअर सरकवणाऱ्या आतल्या फोर्कवर सतत दाब राहतो आणि तो झिजतो, हे मामांनी दोनदा सांगितलं, बाबांनी वीसदा. "ती काठी न्हवं टेकायला."

आजची स्थिती अशी. न्यूट्रलमध्ये लिव्हर दोन्हीकडून मधे येते. बाजूची हालचाल बोटाच्या पेराएवढी आहे, नव्या गाडीत त्याहून कमी असते, पण या वयाला चालेल. पाचव्यातून चौथ्यात घेताना चुकून दुसऱ्यात जाण्याची भीती गेली, आणि हायवेवर ती भीती छोटी नाही. ऐंशीच्या वेगात दुसरा पडला आणि क्लच सुटला तर इंजिनचा आकडा कुठे जाईल ते बघवणार नाही. डेलरिनचे बुश चार महिन्यांत जराही सैल झालेले नाहीत. दर महिन्याला बॉनेट उघडून तिथला चिखल पुसतो आणि ग्रीसचं बोट फिरवतो.

एक गोष्ट राहिलीय. खानापूरच्या थंडीत सकाळी पहिले दोन किलोमीटर पहिल्यातून दुसरा जरा अडतो, ऑइल गरम झालं की मऊ होतो. मामांना विचारलं तर म्हणाले, सिंक्रो रिंग झिजत आल्या, वर्ष-दीड वर्ष जाईल, तोवर सकाळी घाई करू नका. सध्या गल्लीच्या टोकापर्यंत गाडी पहिल्यावरच नेतो.