फवारणीसाठी दोन डब्यांचा मास्क: वापरून काय वाटलं

गाव मला मेजर म्हणतं, निवृत्त झालो हवालदार म्हणून. तासगाव तालुक्यात द्राक्षबाग आहे. आमच्याकडे ब्लोअर चालवणारे बहुतेक जण तोंडाला टॉवेल गुंडाळतात. यंदा फळछाटणीआधी मी कुपवाड एमआयडीसीजवळच्या एका सेफ्टीच्या दुकानातून अर्धा चेहरा झाकणारा रबरी मास्क आणला. हवा गाळणाऱ्या दोन डब्यांसकट २,१०० रुपये. दुकानदार म्हणाला, "मेजर, एवढा महागाचा कशाला, कागदी घ्या की." कागदी मास्क तुषार अडवतो, वाफ नाही.

टॉवेलवाल्यांसाठी थोडं पलटणीतलं सांगतो. पहिल्या महायुद्धात, २२ एप्रिल १९१५ ला बेल्जियममध्ये ईप्रजवळ जर्मनांनी सिलिंडर उघडून सुमारे १६८ टन क्लोरीन वाऱ्यावर सोडला. चारच दिवसांनी इंग्रजांच्या हिंदी फौजेतली आपली लाहोर डिव्हिजन त्याच भागात हल्ल्याला उतरली. जमादार (आजचा नायब सुभेदार) मीर दस्त यांना गॅस लागला, तरी त्यांनी भर गोळीबारातून आठ अधिकाऱ्यांना मागे आणायला हात दिला. व्हिक्टोरिया क्रॉस, इंग्रजांचं सर्वोच्च शौर्यपदक, मिळाला. त्या दिवसांत मास्क म्हणजे ओलं फडकं. काही जण तर ते लघवीत भिजवायचे. क्लोरीन पाण्यात विरघळतो, म्हणून तेवढ्याचा तरी उपयोग झाला. आपल्या औषधांचं उलटं आहे. टॉवेल भिजला की तोच औषध नाकाशी धरून ठेवतो.

आता माल कसा आहे ते. डब्यात सक्रिय कोळसा असतो. त्याच महायुद्धात रशियात झेलिन्स्कीने तो मास्कमध्ये आणला आणि पुढे सगळ्यांनी उचलला. वाफ कोळशाच्या सूक्ष्म छिद्रांत चिकटून राहते. छिद्रं भरली की डबा संपला. बाहेरून तो नव्यासारखाच दिसतो, म्हणून वास यायची वाट बघू नका, बदलायची तारीख डब्यावर पेनाने लिहा. काम झालं की डबे झाकणाच्या बरणीत ठेवा, उघडे टांगले तर शेडमधल्या हवेनेच भरतात. डब्यावर तपकिरी आणि पांढरी असे दोन्ही पट्टे बघून घ्या: तपकिरी सेंद्रिय वाफेसाठी, पांढरा तुषार-धुळीसाठी.

रबर मऊ आहे, नाकावर नीट बसतं. तपासणी सोपी: दोन्ही डब्यांवर तळवे दाबून श्वास आत ओढा, मास्क चेहऱ्याला चिकटून राहिला पाहिजे. फौजेत आम्हाला अश्रुधुराच्या खोलीत उभं करून हेच शिकवलं. तिथे कडेने फट राहिली तर उस्तादाला सांगावं लागत नाही. मिशी चालते. दाढी असेल तर पैसे वाया.

तक्रारी आहेत. मागचा पट्टा टोपीवरून घसरतो. दुपारी आत घाम साठतो, झडप उघडून पुसावी लागते. आणि माहितीपत्रक नुसतं इंग्रजीत. फवारणीला येणाऱ्या पोरांनी ते कसं वाचायचं?

सगळ्यात मोठी उणीव मात्र मास्कची नाही, आपल्या समजुतीची आहे. मास्क चांगले झाले तेव्हा १९१७ च्या जुलैत, पुन्हा ईप्रलाच, जर्मनांनी मस्टर्ड गॅस वापरला. तो कातडीवर फोड आणतो, कपड्यांतून आत जातो. नाक झाकलेले जवानही त्यात पोळले. आपल्या क्लोरपायरिफॉस-प्रोफेनोफॉस या कीटकनाशकांचंही तेच, कातडीतून शिरतात. ही औषधं तर नर्व्ह गॅसच्या, म्हणजे मज्जासंस्थेवर घाला घालणाऱ्या युद्धातल्या विषाच्या, भावकीतली. १९३६ साली जर्मनीत गेरहार्ड श्राडर किडीवर औषध शोधत होता आणि हाती टाबून हा नर्व्ह गॅस लागला. त्याच्या स्वतःच्या बाहुल्या आकसल्या, दम लागला. दोन वर्षांनी सारिन. सद्दामच्या विमानांनी १९८८ साली इराकमधल्या हलब्जात कुर्दांवर गॅस टाकला, त्यात हजारो माणसं गेली. शेतातलं औषध तेवढं जहाल नाही, पण शरीरातल्या त्याच एन्झाइमवर बसतं. म्हणून विषबाधेचा रुग्ण आला की डॉक्टर अॅट्रोपिन काढतात. फौजेतही नर्व्ह गॅसवर हेच इंजेक्शन. २०१७ साली यवतमाळात कापसावर फवारताना वीसएक माणसं गेली, ती काही लढाईवर नव्हती.

१९९७ पासून लागू असलेल्या रासायनिक शस्त्रबंदीच्या करारानुसार भारताने आपला रासायनिक शस्त्रांचा साठा २००९ पर्यंत नष्ट केला. शेडमधल्या बाटल्यांना असला करार नाही. त्यामुळे या मास्कसोबत नायट्राइल रबराचे लांब हातमोजे, पूर्ण बाह्यांचा रेनकोट आणि गमबूट घ्याच, सगळं मिळून मास्कपेक्षा स्वस्त पडतं. डोळ्यांना गॉगल वेगळा लागतो, अर्ध्या मास्कमध्ये तो येत नाही.

पाचपैकी चार. एक गुण पट्ट्याचा आणि त्या इंग्रजी कागदाचा कापला. बारीक चेहऱ्याच्या पोरांसाठी लहान साइज मागून घ्या, दुकानात समोर ठेवतात ती मध्यम असते. आणि जादा डब्यांची जोडी त्याच दिवशी घ्या, ऐन ऑक्टोबरात मिळत नाही.