चप्पल लाईनमधलं एक दुकान : माल चोख, बदललंय ते गिऱ्हाईक

कोल्हापुरात भवानी मंडपाजवळच्या चप्पल लाईनमध्ये कापशी, म्हणजे कोल्हापुरी चपलेचा एक प्रकार, घ्यायला गेले होते. माल एकदम चोख. तळ जाड, दाबला तरी लवत नाही. वेणी चामड्याच्याच बारीक वादीची, शिलाईही तिचीच, कुठं एक खिळा नाही.

दुकानातल्या मामांनी आधी पाय बघितला, मग विचारलं, "गाव कुठलं? आणि माहेर?" मी कॉलेजात मानसशास्त्र शिकवते. मार्कस आणि कितायामा या मानसशास्त्रज्ञांनी १९९१ मध्ये मांडलं होतं, की अमेरिकेत माणूस स्वतःला सुटा समजतो, जपानसारख्या आशियाई समाजांत तो नात्यागोत्यातून स्वतःला ओळखतो. त्या बाकड्यावर बसलं की ते लगेच पटतं.

शेजारी कॉलेजची पोरं "प्राडावाली दाखवा" म्हणत होती. जून २०२५ मध्ये प्राडा या इटालियन फॅशन कंपनीच्या मिलानच्या शोमध्ये कोल्हापुरीसारखी चप्पल दिसली, मूळ कुठलं ते सुरुवातीला सांगितलंच नाही, म्हणून इथं सगळे पेटले. मीही. जीआय (माल त्याच भागातला असल्याचं सरकारी मानांकन) तर २०१९ लाच मिळालाय, महाराष्ट्र-कर्नाटकातल्या आठ जिल्ह्यांना. पण हीच चप्पल ऑफिसला घालायला आपल्याच पोरांना लाज वाटायची, ते मला जास्त टोचतं. परक्यानं वाखाणल्यावरच आपलं आपल्याला दिसावं?

तक्रार एकच, पावतीवर कारागिराचं नाव नाही. बोलले तसं मामांनी लगेच पेन काढलं, "लिहून देतो की ताई."

सुरुवातीला चावते, तेल लावून मुरवा. पावसात अजिबात घालू नका.